फेडरल ट्रायल जजचं आयुष्य नक्की कसं असतं?

निवांत_वाचक

नमस्कार मंडळी. परवा गूगलच्या खटल्याबद्दल वाचत होतो. ऑगस्ट २०२४ मधे वॉशिंग्टनच्या फेडरल डिस्ट्रिक्ट कोर्टाचे (म्हणजे केंद्राचं खालचं कोर्ट, जिथे खटला आधी चालतो) जज अमित मेहता यांनी निकाल दिला ना, की गूगलने सर्चमधली मक्तेदारी बेकायदेशीरपणे टिकवली, तोच. मेहतांचा जन्म गुजरातमधल्या पाटणचा, अगदी लहान असताना अमेरिकेत आले, पुढे वॉशिंग्टनमधे काही वर्षं पब्लिक डिफेंडर (म्हणजे गरीब आरोपीला सरकारी खर्चाने मिळतो तो वकील), आणि २०१४ मधे ओबामांनी जज केलं. हे सगळं ठीक. पण मी अडकलो ते वेगळ्याच गोष्टीवर. त्या खटल्यात ज्युरी नव्हतीच. एकटा माणूस दहा आठवडे साक्षीपुरावे ऐकतो, मग पावणेतीनशेहून जास्त पानांचा निकाल लिहितो आणि जगातली एवढी मोठी कंपनी दोषी ठरते. आणि हाच माणूस त्याआधी २०२३ च्या मे महिन्यात ओथ कीपर्स या कट्टर उजव्या सशस्त्र गटाच्या म्होरक्याला कॅपिटलवरच्या हल्ल्याच्या कटासाठी १८ वर्षांची शिक्षा देतो, आणि त्याच सप्टेंबरात गूगलची सुनावणी सुरू करतो. आज कट, उद्या सर्च इंजिन. हे जमतं कसं?

सुप्रीम कोर्टाच्या नऊ जणांवर ढीगभर लिहिलं जातं, पण या खालच्या पायरीवरच्या जजबद्दल मराठीत मला तरी काही धड सापडलं नाही. तर प्रश्न असे, की ही माणसं येतात कुठून, दिवसभर नक्की काय करतात, आणि मला सगळ्यात जास्त उत्सुकता याची की तहहयात नेमणूक असल्यावर तीस-तीस वर्षं त्याच खुर्चीत बसून माणसाचं होतं काय? कंटाळतो, शेफारतो, की शहाणा होतो? जाणकारांनी लिहा प्लीज.

डॉकेटवाली

छान धागा. मी वकील नाही, पण अमेरिकेत एका लॉ फर्ममधे बरीच वर्षं पॅरालीगल (वकिलांची मदतनीस) होते त्यामुळे फेडरल कोर्टाच्या तारखा, फायलिंग, डेडलाइन यातच आयुष्य गेलंय, तेव्हा जमेल तसं सांगते.

देशात ९४ डिस्ट्रिक्ट आणि ट्रायल जजच्या (यांनाच डिस्ट्रिक्ट जज म्हणतात) पावणेसातशेच्या आसपास जागा. राज्यघटनेत जजसाठी वयाची अट नाही, अनुभवाची नाही, इतकंच काय कायद्याची पदवी हवी असंही कुठे लिहिलेलं नाही. पण प्रत्यक्षात येतात ते बहुतेक माजी सरकारी वकील, मोठ्या फर्मचे पार्टनर, राज्याच्या कोर्टातले जज, किंवा मॅजिस्ट्रेट जज. हे मॅजिस्ट्रेट जज डिस्ट्रिक्ट जजच नेमतात, ८ वर्षांसाठी, आणि जामीन, वॉरंट, कागदपत्रांवरची भांडणं असली कामं त्यांच्याकडे जातात. पब्लिक डिफेंडर पूर्वी फार कमी असायचे, आता थोडे दिसायला लागलेत.

राष्ट्राध्यक्ष नाव देतात आणि सेनेट मंजूर करतं हे पुस्तकात असतं. पण खरी किल्ली त्या राज्याच्या दोन सेनेटरांकडे. त्यांना एक निळा कागद पाठवतात, ब्लू स्लिप म्हणतात त्याला, आणि तो कागद परत आला नाही तर ट्रायल जजचं नाव सहसा तिथेच मरतं. कायद्यात असं काही नाही बरं का, नुसता रिवाज आहे. शिवाय एफबीआयची चौकशी, आणि सेनेटची एक प्रश्नावली ज्यात आजवर लिहिलेला प्रत्येक लेख, दिलेलं प्रत्येक भाषण, लढवलेल्या मोठ्या केसेस, कमाई, सगळं भरायचं. कितीतरी चांगले वकील हे बघूनच नको म्हणतात.

आता दिवसभराचं काम. सिनेमामुळे लोकांना वाटतं की जज म्हणजे हातोडा आणि ज्युरी. अहो, फेडरल कोर्टात फौजदारी आरोपींपैकी शंभरातले दोन-तीनच ट्रायलपर्यंत जातात, बाकीचे गुन्हा कबूल करतात किंवा केस मागे घेतली जाते, आणि दिवाणीत तर शंभरात एकही धड नाही. म्हणजे नाव ट्रायल जज आणि ट्रायल वर्षातून मोजक्याच. बाकी सगळा वेळ वाचणं आणि लिहिणं. मोशन (म्हणजे अर्ज) येतात, ही केस फेटाळा, हा पुरावा वगळा, ही ईमेल द्यायला लावा, ती देऊ नका. हाताखाली दोन-तीन लॉ क्लार्क असतात, नुकते लॉ स्कूलमधून निघालेले, वर्ष-दोन वर्षांसाठी, ते मसुदे करतात, जज खोडतात, परत लिहायला लावतात. या सगळ्यावर १९९० च्या एका कायद्याने लगाम घातलाय. सहा महिन्यांच्या वर पडून राहिलेल्या मोशनची यादी जजच्या नावासकट वर्षातून दोनदा जाहीर होते, ३१ मार्च आणि ३० सप्टेंबरला. तहहयात नोकरी, वर बॉस नाही, पगार घटनेनेच कमी करता येत नाही, पण या यादीत नाव यायला सगळे जाम घाबरतात! मार्च आणि सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात ऑर्डरींचा असा पाऊस पडायचा की आम्ही आधीच डबे मागवून ठेवायचो.

पगाराचं म्हणाल तर २०२५ मधे २,४७,४०० डॉलर. ऐकायला भारी, पण न्यूयॉर्कच्या बड्या फर्ममधे पहिल्या वर्षाच्या वकिलाचा मूळ पगारच तेव्हा २,२५,००० होता, वर बोनस. म्हणजे काल ज्याचे मसुदे खोडले तो क्लार्क उद्या साहेबांपेक्षा जास्त घरी नेतो.

तिरकस_तात्या

डॉकेटवाली ताई, माहिती एक नंबर, पण चित्र जरा जास्तच गोड झालंय.

तहहयात म्हणजे काय ते बघा. अमेरिकेच्या आख्ख्या इतिहासात १५ फेडरल जजवर महाभियोग चालला आणि त्यातले ८ जण दोषी ठरून गेले. सव्वादोनशेच्या वर वर्षांत आठ! शेवटचे २०१० मधे लुइझियानाचे थॉमस पोर्टियस, लाच आणि खोटी माहिती वगैरे. त्याआधी १९८९ मधे फ्लोरिडाचे अल्सी हेस्टिंग्ज यांना काढलं, तर ते गृहस्थ तीन वर्षांनी निवडणूक लढवून थेट काँग्रेसमधे गेले, म्हणजे ज्या सभागृहाने महाभियोग लावला तिथेच सभासद म्हणून जाऊन बसले. याला म्हणतात जिद्द :)

शेअर्सचंही तसंच. कायदा म्हणतो की एखाद्या कंपनीचा एक जरी शेअर जजकडे किंवा नवरा/बायकोकडे असेल तरी त्या कंपनीची केस ऐकायची नाही. २०२१ मधे वॉल स्ट्रीट जर्नलने तपासलं तेव्हा १३१ जजनी अशा केसेस ऐकलेल्या सापडल्या. बहुतेकांचं उत्तर, अरेच्चा, लक्षातच आलं नाही. मग २०२२ मधे कायदा करून त्यांचे आर्थिक तपशील ऑनलाइन टाकायला लावले.

आणि केस कुणाकडे जाणार हे चिठ्ठी टाकल्यासारखं ठरतं म्हणतात, पण टेक्ससमधे काही गावं अशी की तिथे एकच जज बसतो, म्हणजे तिथे दावा लावला की जज आधीच माहीत. २०२३ मधे गर्भपाताच्या गोळीची परवानगी अडवणारा आदेश आला तो असाच, अमारिलोहून. पुढे २०२४ मधे सुप्रीम कोर्टाने ती केस एकमताने उडवली, की तुम्हाला दावा लावायचा हक्कच नव्हता म्हणून. दोन्ही पार्ट्या हा खेळ खेळतात, सरकार बदललं की फक्त गाव बदलतं. जून २०२५ मधे सुप्रीम कोर्टाने एका जजने आख्ख्या देशाला लागू होणारी मनाई देण्यावर बराच चाप लावलाय, पण वाटा अजून आहेत.

तेव्हा निवांतराव, तुमच्या शेफारण्याच्या प्रश्नाला माझं उत्तर हो असं आहे. समोर येणारा प्रत्येक माणूस तुम्ही आत आलात की उभा राहतो, तुमच्या विनोदाला हसतो, आणि असं तीस वर्षं. डोकं फिरणारच की.

जुनी_पानं

तात्या, प्रत्येकाचं फिरत नाही, आणि फिरलं तर कधीकधी चांगल्या दिशेने पण फिरतं. निवांत, तुमच्या तिसऱ्या प्रश्नासाठी एक माणूस सांगतो, ज्युलियस वेटीज वॉरिंग. माझ्या मते ट्रायल जजचं आयुष्य समजून घ्यायचं तर सुरुवात इथून करावी.

साउथ कॅरोलायनातलं चार्ल्सटन. वॉरिंग तिथल्या आठव्या पिढीतले, जन्म १८८०, जुनं घराणं, क्लबात ऊठबस, गोऱ्यांच्या राजकारणात मुरलेले वकील. १९४२ मधे रूझवेल्टनी जज केलं तेव्हा साठी उलटली होती. या वयात माणूस बदलेल असं कुणाला वाटेल? १९४६ मधे त्यांच्या कोर्टात आयझॅक वुडर्डची केस आली. वुडर्ड काळा सैनिक, महायुद्धातून परत येत होता, अंगावर युनिफॉर्म, बसमधल्या किरकोळ वादावरून उतरवलं आणि पोलीस प्रमुखाने मारून मारून दोन्ही डोळे फोडले. सरकारी वकिलांनी केस कशीबशी उरकली, ज्युरी सगळी गोरी, अर्ध्या तासाच्या आत निर्दोष. जज म्हणून वॉरिंगना तिथे काहीच करता येत नव्हतं, ज्युरीने सोडलं म्हणजे सोडलं. पण ते त्यांच्या डोक्यातून गेलं नाही. घरी येऊन नवराबायको वंशभेदावरची पुस्तकं वाचत बसायला लागले, ज्या विषयाकडे आयुष्यभर बघितलंच नव्हतं.

पुढच्याच वर्षी त्यांनी हुकूम काढला की डेमोक्रॅटिक पक्षाच्या प्रायमरीत (पक्षाचा उमेदवार निवडायची निवडणूक) काळ्यांना मतदान करू द्या. झालं, गाव फिरलं. आधीच घटस्फोट घेऊन उत्तरेकडच्या बाईशी दुसरं लग्न केलं म्हणून कुजबुज होतीच, आता आमंत्रणं बंद, ओळखी बंद, अंगणात क्रॉस जाळला, खिडकीवर दगड. १९५१ मधे शाळांच्या केसमधे (ब्रिग्ज विरुद्ध एलियट) तीन जजच्या बेंचवर ते एकटे पडले, बाकी दोघं म्हणाले वेगळ्या शाळा चालतील. वॉरिंगनी विरोधी मत लिहिलं की वेगळं करणं हीच मुळात असमानता. तीन वर्षांनी सुप्रीम कोर्टाने शाळांमधला वंशभेद घटनाबाह्य ठरवणाऱ्या ब्राउनच्या निकालात साधारण हेच म्हटलं, आणि ब्रिग्जची केस त्याच निकालात धरलेली होती. तोवर वॉरिंग गाव सोडून न्यूयॉर्कला गेले होते, १९५२ मधे. १९६८ मधे गेले तेव्हा दफन चार्ल्सटनलाच झालं, गोरे लोक हाताच्या बोटांवर मोजण्याइतके आले. आता गंमत बघा, २०१५ मधे तिथल्या फेडरल कोर्टाच्या इमारतीला त्यांचं नाव दिलं, आणि आधी जे नाव होतं ते हयात असलेल्या माजी सेनेटर हॉलिंग्जचं, त्यांनीच सांगितलं की माझं काढा आणि वॉरिंगचं लावा. राजकारण्याने इमारतीवरचं स्वतःचं नाव स्वतः काढायला लावलं, हे मला तरी निकालाइतकंच दुर्मिळ वाटतं.

दुसरे अलाबामाचे फ्रँक जॉन्सन. वयाच्या ३७ व्या वर्षी आयझेनहॉवरनी नेमलं, १९५५ च्या शरदात, आणि काही आठवड्यांत माँटगोमेरीत रोझा पार्क्सना बसमधे गोऱ्यासाठी जागा सोडली नाही म्हणून अटक. बसमधला वंशभेद घटनाबाह्य ठरवणाऱ्या १९५६ च्या निकालातले दोन जज, त्यातले हे एक. १९६५ मधे सेल्माच्या पुलावर पोलिसांनी काळ्यांच्या मतदानाच्या हक्कासाठीचा मोर्चा झोडपला त्यानंतर माँटगोमेरीपर्यंत चालत जायला परवानगी दिली ती यांनीच, पण कशी, तर हायवे जिथे दोन लेनचा होतो तिथे ३०० पेक्षा जास्त माणसं नकोत. म्हणजे हक्क पण दिला आणि ट्रॅफिक पण बघितला. ट्रायल जज असाच असतो, सुप्रीम कोर्ट तत्त्व सांगून मोकळं होतं, रस्त्यावर किती माणसं मावतील ते याला ठरवावं लागतं. अलाबामाच्या मनोरुग्णालयात माणसामागे कर्मचारी किती हवेत, तुरुंगात एका कैद्याला जागा किती, इथपर्यंत त्यांनी आदेशात लिहिलं. वंशभेदाचे कट्टर पाठीराखे गव्हर्नर जॉर्ज वॉलेस हे त्यांचे लॉ स्कूलचे सहाध्यायी, आणि सगळ्यात जास्त शिव्या त्यांच्याच. १९६७ मधे जॉन्सनच्या आईच्या घरात बॉम्ब फुटला, आई वाचली.

तर तहहयात नेमणूक सरकारपासून वाचवते. शेजाऱ्यापासून नाही वाचवत.

निवांत_वाचक

जुनी_पानं, दंडवत! वॉरिंग हे नाव आयुष्यात पहिल्यांदा ऐकलं. तात्या, तुमचाही मुद्दा पटतो, दोन्ही खरं असू शकतं.

एक उपप्रश्न. शिक्षा देण्याचं काय? म्हणजे ट्रायल कमी आणि कबुली जास्त, तर मग जजच्या हातात खरं काय उरतं? सरकारी वकिलानेच सौदा केला की जज नुसता शिक्का मारणार ना?

कलम_कसाई

शिक्षा हाच या नोकरीतला सगळ्यात जड भाग असं यातले बहुतेकजण निवृत्त झाल्यावर सांगतात. दिवाणी चुकलं तर वर अपील आहे, पैसे इकडचे तिकडे होतील. पण समोर उभ्या माणसाकडे बघून किती वर्षं ते सांगायचं, मागे बाकावर त्याची आई, बायको, पोरं, आणि दुसऱ्या बाजूला ज्याचं नुकसान झालं त्याचं कुटुंब. हे सगळं एकट्याने. वर बेंचवर तीन-तीन जज असतात, आपापसात बोलता तरी येतं.

१९८७ पर्यंत जज वाट्टेल तेवढी देऊ शकायचा, एकाच गुन्ह्याला एका कोर्टात दोन वर्षं आणि शेजारच्या खोलीत दहा. म्हणून मग गाइडलाइन आल्या, एक कोष्टक आहे, उभ्यात गुन्ह्याच्या ४३ पायऱ्या, आडव्यात आरोपीच्या पूर्वइतिहासाचे ६ रकाने, दोन्ही जुळवा आणि महिने वाचा. फेडरल पॅरोल (म्हणजे शिक्षा पुरी व्हायच्या आधी अटींवर सुटका) बंद. २००५ मधे सुप्रीम कोर्टाने हे कोष्टक सक्तीचं नाही, सल्ल्यापुरतं आहे असं केलं, तेव्हा जजना जरा श्वास घेता आला. पण काँग्रेसने कायद्यातच घातलेली किमान शिक्षा असेल तर तिथे आजही हात बांधलेले. आणि कुठलं कलम लावायचं हे सरकारी वकील ठरवतो, म्हणजे निवांत, तुमची शंका बरीचशी बरोबर आहे.

युटाचे जज पॉल कॅसल, २००४. समोर विशीतला तरुण, पहिल्यांदाच पकडलेला, काही वेळा गांजा विकला आणि जवळ पिस्तूल होतं. पिस्तुलाची कलमं एकावर एक चढली आणि किमान शिक्षा झाली ५५ वर्षं. त्याच दिवशी कॅसलनी एका म्हाताऱ्या बाईला ओंडक्याने मारून टाकणाऱ्याला गाइडलाइनप्रमाणे २२ वर्षं दिली होती. कॅसल काही मवाळ नव्हेत, बुशनी नेमलेले, कडक म्हणून प्रसिद्ध. निकालात त्यांनी स्वच्छ लिहिलं की ही शिक्षा अन्यायाची आहे, क्रूर आहे, तर्कालाही धरून नाही, आणि मग तीच दिली, आणि राष्ट्राध्यक्षांना विनंती केली की ही कमी करा. २००७ मधे खुर्ची सोडून शिकवायला गेले. तो तरुण २०१६ मधे सुटला, तोवर बारा वर्षं गेली होती. मला वैयक्तिक विचाराल तर त्या दिवशी त्यांनी राजीनामा द्यायला हवा होता असं वाटतं, पण मग ती केस दुसऱ्याकडे गेली असती आणि त्याने न बोलता ५५ दिली असती, हेही आहेच.

तात्यांना आवडेल अशी उलटी बाजू, वॉटरगेटचे (राष्ट्राध्यक्ष निक्सनच्या माणसांनी विरोधी पक्षाच्या ऑफिसात केलेली घरफोडी) जज जॉन सिरिका. एकेकाळचे मुष्टियोद्धे, गरिबीतून वर आलेले, कडक शिक्षांमुळे टोपणनाव मॅक्सिमम जॉन. घरफोड्यांनी तोंड उघडावं म्हणून त्यांनी काहींना तात्पुरती म्हणून ३५ ते ४० वर्षांपर्यंतची शिक्षा ठोकली, की बोला मग बघू कमी करायचं का. निक्सनना त्यांच्या ऑफिसातल्या संभाषणांच्या टेप द्यायला लावल्या, १९७४ मधे सुप्रीम कोर्टाने ८-० ने उचलून धरलं, सगळे त्यांना हिरो म्हणतात. पण शिक्षेचा धाक दाखवून माणसाला बोलतं करणं हे काम जजचं का? आरोपी निक्सनचे होते म्हणून चाललं, एरवी आपणच बोंब मारली असती.

तिरकस_तात्या

कलम_कसाई, चला, कुणीतरी सिरिकांना टोकलं! +१

शपथविधी_७ब

इथे सगळं वाचून कुणाला वाटेल की ही माणसं कायम कपाळाला आठ्या घालून बसलेली असतात. तर एक हलकं. अमेरिकन नागरिकत्वाची शपथ बऱ्याच ठिकाणी हेच जज देतात. माझ्या बॅचला ज्या जजबाईंनी दिली त्या शपथ झाल्यावर झगा घालून खाली उतरून प्रत्येकाबरोबर फोटो काढत होत्या, रांग संपेपर्यंत. म्हणाल्या की माझ्या कोर्टरूममधे सगळे हसत बाहेर पडतात असा हा एकच कार्यक्रम.

सुरक्षेचं मात्र कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. न्यू जर्सीच्या जज एस्थर सालास, त्यांच्या कोर्टात आधी एक केस घेऊन आलेला वकील २०२० च्या जुलैत डिलिव्हरीवाला बनून घरी गेला, वीस वर्षांच्या एकुलत्या एक मुलाला गोळी घालून मारलं, नवऱ्याला जखमी केलं. पत्ता त्याने इंटरनेटवरून काढला होता. त्यानंतर सालास आणि त्यांचे यजमान मागेच लागले, आणि २०२२ च्या डिसेंबरात मुलाच्या नावानेच फेडरल कायदा झाला, जज आणि त्यांच्या घरच्यांचा पत्ता वगैरे नेटवरून काढायला लावता येतो. आणि त्या परत कामावर गेल्या. मला नसतं जमलं.

डॉकेटवाली

सालास यांचं वाचून आजही पोटात गोळा येतो.

निवांत, रिटायरमेंटचं राहिलं. ६५ व्या वर्षी १५ वर्षं सेवा झाली की (वय आणि सेवा मिळून ८० व्हायला हवेत, आणि सेवा कमीत कमी १० वर्षं) पूर्ण पगारासकट घरी बसता येतं. तरी कितीतरी जण जात नाहीत, सीनियर स्टेटस घेतात. म्हणजे जागा नवीन जजसाठी मोकळी होते, पण स्वतः कमी केसेस घेऊन काम चालू, पगार तोच. हिशेबाने बघितलं तर ते जवळजवळ फुकट काम करतायत. कॅन्ससचे वेस्ली ब्राउन, केनेडींनी १९६२ मधे नेमलेले, २०१२ मधे वयाच्या १०४ व्या वर्षी वारले तोपर्यंत त्यांच्याकडे केसेस होत्या. शेवटी नाकाला ऑक्सिजनची नळी लावून बसायचे आणि लांबणारी केस असेल तर वकिलांना आधीच सांगून ठेवायचे की माझी काही गॅरंटी नाही बाबांनो. ब्रुकलिनचे जॅक वाइनस्टाइन ९८ व्या वर्षापर्यंत, तेही झगा न घालता, साध्या सुटात, आणि शिक्षा सुनावताना उंच बाकावरून नाही तर आरोपीच्या समोर टेबलाशी बसून. तेव्हा तात्या, सगळ्यांची डोकी फिरत नाहीत हो.

अजून एक, कुणी अमेरिकेत असाल तर प्रत्यक्ष जाऊन बघा. फेडरल ट्रायलमधे कॅमेरा चालत नाही, त्यामुळे टीव्हीवर कधी दिसणार नाही, पण कोर्टरूम कुणालाही खुली असते, पास लागत नाही. सिक्युरिटीतून जायचं, बऱ्याच ठिकाणी फोन दारात ठेवून घेतात, आणि मागच्या बाकावर गप्प बसायचं. ट्रायलच्या नादी लागू नका, ऐनवेळी सेटल होते आणि फेरी फुकट जाते, सेंटेन्सिंग (शिक्षा सुनावणं) असेल त्या दिवशी जा. कागदपत्रं वाचायची तर पेसर नावाची साइट आहे, पानाला १० सेंट, एका डॉक्युमेंटला जास्तीत जास्त ३ डॉलर, आणि तीन महिन्यांत ३० डॉलरच्या आत राहिलात तर माफ. गूगलचा निकाल मात्र नेटवर असाच फुकट मिळतो, त्यासाठी पैसे घालू नका.

निवांत_वाचक

डाउनलोड केला. पान ९ वर आहे.